अकरावं रीळ अण्णांकडे होतं

माझ्या वडिलांनी एका सिनेमाची कायमची वाट लावली.

हे त्यांनीच मला सांगितलं होतं. आज सकाळी ते गेले, म्हणून आता मी तुम्हाला सांगतोय.

अण्णा उदगीरच्या एका टॉकीजमध्ये ऑपरेटर होते, सिनेमाचं मशीन चालवायचे. आमच्या वस्तीतून मशीनवर बसलेला पहिला माणूस. त्याआधी आमची माणसं तिथे फक्त झाडू मारायला जायची.

त्या टॉकीजला एक जुना ब्लॅक अँड व्हाइट हिंदी सिनेमा दरवर्षी यायचा. दुसऱ्या महायुद्धाचा काळ. शहरात ब्लॅकआउट. मिलिटरी हॉस्पिटलमध्ये एका डॉक्टरचा खून होतो, संशय नर्सवर. आणि तपासाला एक डिटेक्टिव्ह, सारखा खिशातले शेंगदाणे खाणारा.

सिनेमात गाणं एकही नाही.
इथेच पंचाईत होती.

खेळ एकच, संध्याकाळचा. तो सुटला की खेड्यावरच्या लोकांना शेवटची एसटी गाठायची असायची. त्यामुळे मॅनेजर सांगायचा, दहा मिनिटं कमी कर. एरवी अण्णा गाण्याचं रीळ गाळायचे. लोक शिव्या घालायचे, पण एसटी मिळायची.

या सिनेमात गाळायला गाणंच नाही. मग अण्णांनी अकरावं रीळ गाळलं. त्यात नुसतीच बोलाचाली आहे, असं त्यांना वाटलं.

खुनी त्यातच सापडत होता.

दहाव्या रिळात पोलीस नर्सला धरून नेतात. बाराव्यात तीच नर्स स्टेशनवर डिटेक्टिव्हला निरोप द्यायला हजर! अख्ख्या उदगीरनं एकच अर्थ काढला. डिटेक्टिव्हचं तिच्यावर मन बसलं आणि त्यानं केस दाबली. आमची आई तर मरेपर्यंत त्या नर्सला नावं ठेवायची.

मलाही हसू यायचं.

सिनेमाच्या रिळांची पेटी कंपनीला परत पाठवताना गाळलेलं रीळ आठवणीनं आत ठेवायचं, असा नियम. एका वर्षी पेटी पाठवायच्या दिवशीच आई दवाखान्यात होती. माझ्या वेळी. अण्णा घाईघाईत निघाले. पेटी गेली, अकरावा डबा टेबलाखाली राहिला.

आठ दिवसांनी त्यांना तो दिसला.

"मग सांगायचं ना मॅनेजरला," मी म्हणालो होतो.

"कसं सांगू? म्हनले असते, ह्या लोकायला मशीनवर बसवलं की असंच व्हतंय. माझी एकट्याची नोकरी गेली असती तर ठीक हाय. पुन्हा आपल्यातल्या कुनालाच वर चढू दिलं नसतं."

अण्णांनी तेव्हा कोणालाच सांगितलं नाही. डबा घरी आणून खाटेखाली ठेवला. पुढे टॉकीज बंद पडली, तरी डबा तिथेच.

दोन महिन्यांपूर्वी मी अण्णांना लातूरला माझ्याकडे आणलं. फुप्फुसं गेली आहेत, हे डॉक्टरांनी स्पष्टच सांगितलं होतं. त्यांचा वेळ जावा म्हणून तो सिनेमा फोनवर शोधला.

सापडला!

अण्णा उठून बसले. दहावं रीळ आलं. पोलिसांनी नर्सला धरलं.
आणि एकदम स्टेशन.

अण्णांनी फोन माझ्या हातात दिला. "ही आपलीच पेटी हाय. हिच्यावरूनच उतरवलंय," म्हणाले.

मग मी मूर्खासारख्या खालच्या कमेंट्स मोठ्यानं वाचल्या. कोणी लिहिलं होतं, खुनी कोण तेच कळत नाही. कोणी लिहिलं होतं, डायरेक्टर बावळट होता.

आई गेली तेव्हाही अण्णा रडले नव्हते. त्या दिवशी रडले.

"त्या माणसानं सगळं बराबर केलतं रे. इतके वर्ष त्याला शिव्या खाऊ घालून राहिलो मी."

मी उदगीरला जाऊन डबा आणला. उघडला तर आंबूस वास आणि सगळी फिल्म चिकटून गुळाची ढेप झालेली. एका जाणकाराला दाखवली. त्यांनी झाकण लावून तशीच परत दिली.

"तुम्हीच सांगा अण्णा, खुनी कोण होता? मी लिहून काढतो."

"एकदाच पायलं मी ते रीळ, पयल्या खेळाला. मशीनच्या आवाजात काय ऐकू येतंय? नर्सनं न्हाई केलं, एवढं पक्कं. बाकी न्हाई आठवत."

थोड्या वेळानं म्हणाले, "तिथं खाली लिही. डायरेक्टरची चूक न्हाई म्हनावं, उदगीरच्या ऑपरेटरची हाय. माझं नाव टाक."

मी हो म्हणालो.

लिहिलं नाही. ज्या नावासाठी माणूस जन्मभर तोंड शिवून बसला, ते अनोळखी लोकांपुढे कशाला टाकायचं? उद्या बघू, असं रोज म्हणत राहिलो.

"लिव्हलं का रे?"
"हाव अण्णा."
"काय म्हनले लोकं?"
"एकानं लिहिलंय, होतं असं कधी कधी. माफ केलं म्हणून."
"नाव काय त्याचं?"

तोंडाला आलं ते सांगितलं. "कोणी देशमुख आहेत."

"देशमुखानं माफ केलं?"

हे अण्णांनी मला दोनदा विचारलं. दोन्ही वेळा मी हो म्हणालो. त्या दिवशी ते पोटभर जेवले.

आज दुपारी स्मशानातून आलो आणि खरंच लिहायला बसलो. सिनेमा तिथे नाही. कोणीतरी काढून टाकलाय. दुसरीकडे शोधला, कुठेच नाही. आता खुनी कोण ते कोणालाच कळणार नाही, आणि डायरेक्टरला बावळट म्हणणारे लोकही मला सापडणार नाहीत.

म्हणून इथे लिहितोय. तुमच्यापैकी कोणी तो सिनेमा पाहिलेला नसणार, हे माहीत आहे.

त्या सिनेमात चूक नव्हती. अकरावं रीळ उदगीरला राहिलं होतं. ऑपरेटरचं नाव किसन सोपान कांबळे.

आणि अण्णा, देशमुख कोणी नव्हता. तुम्हाला कोणीच माफ केलेलं नाही. मी कोणाला विचारलंच नाही.

अखेरचा जय भीम.