साठ मेंढरं आणि माझी कात्री

हे सांगायचं म्हणजे आधी तोंड लपवायला कुणीतरी टॉवेल द्या मला! असला गाढवपणा शत्रूच्या हातूनही होऊ नये.

म्हसवडजवळच्या माळावर आमच्या पिक्चरचं शूटिंग चाललं होतं. पिक्चर कसला, सहा माणसं आणि एक भाड्याचा कॅमेरा! मी मेंढपाळाच्या भूमिकेत, म्हणजे चक्क नायक. सीन संपला की मीच कलादिग्दर्शक, क्लॅप मारणारा मीच आणि चहा गाळणाराही मीच. भूमिकेत इतका शिरलो होतो की सांगलीला आईशी फोनवरसुद्धा 'व्हय, हाय' चाललं होतं.

मेंढरं मात्र खरी. निम्मी तिथल्याच धनगराची, बिराअण्णांची. ती कमी पडली म्हणून निम्मी त्यांच्या चुलतभावाची, मायाप्पांची. दोघांत लग्नातल्या मानपानावरून पाच वर्षं अबोला! सगळी मेंढरं जशीच्या तशी परत मिळतील असा अण्णांनी तिसऱ्याच्या तोंडून शब्द दिला, तेव्हा कुठं मायाप्पा मेंढरं घेऊन आले.

"पाव्हणं," अण्णा मला म्हणाले, "आमच्या मेंढरांच्या पाठीवर लाल खूण हाय, त्येच्या निळी. म्हणून एकात सोडतुया. एक जरी इकडचं तिकडं झालं, तर मी चोर ठरंन."

"आवं अण्णा, मी हाय की!"

दोघं आपापल्या पालावर जेवायला गेले. इकडे आमची दिग्दर्शिका मेघना ओरडली, "अरे, गोष्टीत सगळी मेंढरं तुझी एकट्याची ना? मग हे दोन रंग कशाला? काहीतरी कर!"

केलं! चौघांना मेंढरं धरायला लावली, मेकअपची कात्री घेतली आणि प्रत्येकाच्या पाठीवरचा रंगीत झुपका उडवला. साठच्या साठ! वर लांब उभा राहून स्वतःवरच खूश झालो.

अण्णा परत आले ते जागीच थांबले. "खुणा कुठं हायेत?"

"काढल्या की! आता कशी एकसारखी दिसत्यात, बघा."

अण्णा मटकन खाली बसले. मागून मायाप्पा आले आणि अण्णांकडे बघत राहिले. अहो, चूक माझी, आणि मान खाली गेली त्या म्हाताऱ्याची! आजही आठवलं की लाजेनं मेल्याहून मेल्यासारखं होतं.

मग मायाप्पांनी एका मेंढीची हनुवटी धरली, तोंड बघितलं आणि तिला डावीकडे ढकललं. अण्णा उठले, त्यांनी दुसरी उजवीकडे ढकलली. नुसतं तोंड बघून! मला तर साठही एकाच आईची वाटत होती. ना शब्द, ना वाद. अर्ध्या तासात दोन कळप वेगळे झाले.

मधल्या मोकळ्या जागेत घोंगडं पांघरून, कात्री धरून मी तेवढा उरलो.

मायाप्पांनी मला खालून वर न्याहाळलं. पाच वर्षांत पहिल्यांदाच ते भावाशी बोलले, "आन् ह्यो कुणाचा रं?"

अण्णांनी माझं तोंड नीट बघितलं.

"आमचा न्हाई गड्या. तुजाबी नसंल तर हाकल त्येला!"