घरविल्हे यादी

अर्जलेखकाच्या धंद्यात मनुष्याला पुष्कळ शब्द बाळगावे लागतात. 'सविनय', 'विदित व्हावे', 'कृपावंत होऊन' हे तर टाकाच्या टोकावर बसलेलेच असतात. परंतु वडगावास मामलेदार कचेरीसमोरच्या कडुनिंबाखाली मी जी इतकी वर्षे काढली, त्यांत माझा जीव जडला तो एका निराळ्याच शब्दावर. तो शब्द म्हणजे 'विल्हे'.

लोणावळ्यास आमच्या घरी माझी आई हा शब्द दिवसातून चारदा तरी उच्चारी. घासलेली भांडी फळीवर नीट लागली की ती विल्हेस लागली. थोरल्या बहिणीचे लग्न झाले तेव्हा 'पोर विल्हेस लागली' असे म्हणून आईने पदराने डोळे टिपले होते. ज्याला त्याला आपली जागा मिळाली, एवढाच तिच्या लेखी त्याचा अर्थ. माझे शिक्षण मराठी पाचवीपर्यंत झाले. सहावीत शाळा सुटली, ती घरच्या कारणाने. बुद्धीच्या कारणाने नव्हे. त्यामुळे या शब्दाचा कागदावरचा उपयोग मला शाळेत कळला नाही, तो कचेरीत कळला.

तेथील अव्वल कारकून जुन्या वळणाचे, नाकावर चष्मा ठेवून बोलणारे गृहस्थ होते. एकदा मी अर्जासोबत दिलेली नावांची जोडयादी त्यांनी परत माझ्यापुढे टाकली.

"ही नावे कोणत्या विल्हेने लावलीत?"

"जशी माणसे सांगत गेली तशी, रावसाहेब."

"म्हणजे कोणत्याच नाही. यादी अकारविल्हे असावी. अ पासून ह पर्यंत. मग कोणाचेही नाव डोळे मिटून सापडते."

त्या दिवसापासून मी अकारविल्हेचा उपासक झालो. माझ्या डेस्कातले कागद मी अकारविल्हे लावले. खंडाळ्याच्या बंगल्यांतले माळी आणि खानसामे सुटीच्या दिवशी माझ्याकडे पत्रे लिहून घ्यावयास येत, त्यांचे पत्ते अकारविल्हे लावले. इतर अर्जलेखक हसत. परंतु त्यांना कागद शोधण्यास जेवढा वेळ लागे, तेवढ्यात माझा एक अर्ज लिहून होई. शेवटी घरातल्या मिसळणाच्या डब्याकडे माझी दृष्टी वळली. जिरे, तिखट, धने, मीठ, मोहरी, हळद, असा क्रम मी लावून दिला. कुटुंबाने दोन दिवस त्यातूनच फोडण्या केल्या. तिसऱ्या दिवशी आमटी वाढता वाढता ती म्हणाली, "फोडणीला आधी मोहरी लागते, मग जिरं, मग हळद. तुमच्या अक्षरांना फोडणी करता येत असेल तर उद्यापासून त्यांनाच सांगा." संध्याकाळी डबा पूर्ववत झालेला होता. मी तो बायकी हट्ट समजलो आणि सोडून दिला.

पुढे एका चैत्रात आंबी गावापलीकडची एक वाडी जळाली. दुपारची वेळ होती, माणसे शेतात होती, गुरे चरावयास गेलेली होती. म्हणून जीव कोणाचा गेला नाही. परंतु गवताची छपरे एकमेकांना लागून असल्याने एका चुलीची ठिणगी वीस-बावीस उंबरे घेऊन गेली. सरकारातून असे ठरले, की वाडी पुन्हा तशीच दाटीने वसवू नये. वरच्या माळावर नवे गावठाण आखून प्रत्येक घरास मोकळी जागा द्यावी. त्यासाठी अर्ज आणि घरवाल्यांची यादी हवी होती. वाडीचे पाटील माझ्याकडे आले. ते नावे सांगत गेले आणि मी ती उतरून घेतली. मग त्यांना चहा पाजून बसवून ठेवले, आणि सुवाच्य अक्षरात सर्व यादी अकारविल्हे तयार केली. निम्म्या वाडीचे आडनाव एकच असल्यामुळे मी ती खुद्द नावांवर लावली, हे विशेष.

जागा वाटून देण्याचे काम असलेल्या सर्कलसाहेबांना यादी फार आवडली. त्यांनी शेरा मारला, की यादीतील अनुक्रमानेच एका टोकापासून जागा देण्यात याव्या, म्हणजे तक्रारीस जागा नको. पाटलांनी ही हकीकत सांगितली तेव्हा, खरे सांगतो, मला त्या दिवशी जेवण गोड लागले.

त्यानंतर आठवड्याभराने, एका गुरुवारी, कडुनिंबाखाली एक बैलगाडी येऊन थांबली. तीतून दोन बाया उतरल्या. एक पन्नाशीची, अंगाने थोराड. दुसरी तिच्या खांद्यावर हात ठेवून चालणारी म्हातारी. म्हातारीचे दोन्ही डोळे देवीत गेलेले होते.

"यादी लिवनारं भाऊ तुमीच का?" म्हातारीने विचारले.

"मीच. बसा मावशी. काय लिहायचे?"

"लिवायचं न्हाई. लिवल्यालं पुसायचं हाय."

मग तिने सर्व सांगितले. ती वाडीतली एकटी राहणारी विधवा. लग्न होऊन आली त्याच्या दुसऱ्या वर्षी डोळे गेले, आणि तेव्हापासून वाडीच्या भिंती हेच तिचे डोळे. हात भिंतीवर ठेवून ती विहिरीवर जाई, देवळात जाई, शेजारी विस्तव मागावयास जाई. कोणामागे कोणाचे घर येते हे तिच्या हाताला ठाऊक होते. आता नव्या गावठाणात तिचे नाव 'ह'ने सुरू होत असल्यामुळे तिला अगदी शेवटची, ओढ्याकडची जागा आली होती. विहीर दुसऱ्या टोकाला, आणि मधली सारी घरे उलटीपालटी झालेली.

"भाचा म्हनतो, आत्ये, आता माझ्या गावाला चल, तितं बसून खा." ती म्हणाली. "बसूनच खायाचं तर गाठोडं काय आन् मी काय. मला माझ्या पायानं पान्याला जायाचं हाय, भाऊ. येवढंच हाय."

मी तिला म्हणालो, की मावशी, ही सरकारी रीत आहे, तीत माझे काही चालत नाही.

बरोबरची बाई तिची शेजारीण होती. तिने माझ्याकडे नीट पाहिले. "पाटील तर म्हनलं, ही रीत तुमीच काडली. वाडीभर तुमची तारीफ करत हुतं."

तिचे खरे होते. सर्कलसाहेबांनी यादी मागितली होती, अकारविल्हे यादी मागितली नव्हती. ती हौस माझी होती. मी घसा साफ करून म्हटले, की ठीक आहे, मावशींचे एकटीचे नाव विहिरीजवळ घेता येईल का, ते पाहू.

"मला एकलीला हलवून काय करू?" म्हातारी म्हणाली. "मधली घरं कुनाची हे माझ्या हाताला कळाय नगं? पावलं मी नवी मोजीन. कोनामागं कोन येवढं बदलू नगा."

"बरे. मग जुन्या वाडीतली नावे ओळीने सांगा."

दोघींनी एकमेकींकडे तोंडे केली आणि हसू दाबले. मग माझ्या ध्यानात आले. वाडीत निम्मे पुरुष नात्याने तिचे थोरले दीर, चुलत सासरे. त्यांची नावे ती घेणार नव्हती. ज्याचे नाव तिच्या मालकाच्या नावासारखे, त्याचे तर बिलकूल नाही. शेजारणीचीही तीच अडचण.

"नावं तुमची तुमी लिवा," म्हातारी म्हणाली. "मी घरं सांगते."

ती उठली. शेजारणीने तिला कचेरीच्या लांब भिंतीशी नेऊन उभे केले. हात भिंतीवर टेकवून ती चालू लागली आणि मी कागद घेऊन मागोमाग. "हे माझं. ह्ये ताकाचं, हितं सकाळी आंबूस वास येतो. ह्येची भित खरबरीत, सून शेन नीट कालवत न्हाई. हितं उखळ, पाय संबाळायचा. हितं रांजन, गार लागतो." मध्ये एके ठिकाणी तिने हात भिंतीवरून काढला, सात पावले तो हवेत धरून चालली, आणि पुन्हा भिंतीला लावला. म्हातारी दमली असेल, असे समजून मी ती पावले सोडून दिली. पक्षकार, शिपाई, दोन वकील, सारे पाहत होते. एक अर्जलेखक मोठ्याने म्हणाला, "आता भिंतीचाही जबाब घेता काय?" मी त्याच्याकडे लक्ष दिले नाही.

नव्या गावठाणात जागांच्या खुंट्या सोमवारी ठोकावयाच्या होत्या. रविवारी घोरावाडी स्टेशनावर उतरून मी पायी वाडीवर गेलो. राखेतून घरांची जोती उघडी पडली होती. म्हातारी काठीने जोती चाचपीत पुढे, पाटील नावे सांगत मध्ये, आणि मी कागदावर घरासमोर नाव भरीत मागे. यादी तंतोतंत जुळत गेली. रांजणाच्या घरापुढे मात्र जोते नव्हते, नुसती गवत वाढलेली मोकळी जागा. म्हातारीने तेथे काठी उचलली आणि सात पावले टाकली.

"हितलं घर माझ्या लग्नाआधी पडलं," पाटील म्हणाले. "त्यो वंश बुडाला. हितं काय न्हाई."

"हितं वळन हाय," म्हातारी म्हणाली. "हात सुटला की डावीकडं विहीर. हात सुटलाच न्हाई तर मी वळू कुटं?"

मी कागदावर रांजणाच्या घराखाली एक ओळ रिकामी सोडली.

तेवढ्यात एक गडी तावातावाने आला. त्याचे आणि त्याच्या चुलतभावाचे घर भिंतीला भिंत लावून होते, आणि दोघांचे वीस वर्षे वैर.

"अक्षरानं मला त्येच्यापासून सोडवला हुता," तो मला म्हणाला. "तो त्या टोकाला, मी ह्या. आयुष्यात पयल्यांदा सुखानं भाकर खाल्ली असती. आन् तुमी मला परत त्येच्या गळ्यात बांदताय व्हय?"

"अरं बाबा," म्हातारी म्हणाली, "विहिरीवरनं परत येताना तुमा दोगांचं भांडान ऐकूनच मला कळतं की घर आलं. तुमी भांडायचं थांबलात तर मी इंद्रायनीत जाईन."

सगळे हसले. वैरीदेखील पलीकडून हसला, हे पाहून हा अधिकच चिडला. अखेर पाटलांनी त्याला दार पाठीमागच्या अंगाला काढण्याची मोकळीक दिली. "मिरगाच्या आत छप्पर घालायचं का तुजं मन धरत बसायचं?" असे विचारल्यावर तो पुटपुटत आपल्या जोत्याकडे वळला.

सोमवारी सकाळी सर्कलसाहेब माळावर आले, त्यांच्यापुढे मी नवी यादी ठेवली. तिच्या मथळ्यासाठी मी आदल्या रात्री पुष्कळ विचार केला होता आणि शेवटी स्वतःच एक शब्द बांधला होता: 'घरविल्हे'.

साहेबांनी दोन्ही याद्या शेजारी शेजारी धरल्या. "पहिली यादी तुमचीच ना? मी तिच्यावर चांगला शेरा मारला होता."

"होय साहेब. ती माझीच. तीत चूक आहे, आणि चूकही माझीच. नाव शोधणाऱ्याला ती यादी सोयीची होती. तेथे राहणारांचा विचार मी केला नव्हता."

एवढे बोलण्यास मला किती जड गेले, ते येथे लिहीत नाही. त्यांनी वाडीकडच्या लोकांना विचारले. लोकांनी, तो एक गडी सोडून, घरविल्हे यादीच हवी म्हणून सांगितले. मग साहेबांचे बोट रिकाम्या ओळीवर थांबले.

"ही जागा कोणाच्या नावे?"

"कोणाच्याच नाही साहेब. ती वळणासाठी आहे."

"रकाना रिकामा ठेवता येत नाही. काहीतरी लिहा."

मी पाटलांकडे पाहिले, पाटलांनी डोके खाजविले. "होळीची जागा लिवा," ते म्हणाले. "न्हाईतरी होळी कुटं पेटवायची, ह्याच्यावर दर साली वाद हुतोच."

मी लिहिले, साहेबांनी सही केली, आणि गावच्या तराळाने विहिरीची वाट मोकळ्या जागेशी येईल अशा बेताने त्याच क्रमाने खुंट्या ठोकावयास घेतल्या. म्हातारीची खुंटी ठोकल्याचा आवाज आला तेव्हा ती जवळ जाऊन तिच्यावर हात ठेवून उभी राहिली आणि पुढची खुंटी ठोकली जाईपर्यंत हलली नाही.

पावसाआधी कारवीच्या कुडाच्या भिंती उभ्या राहिल्या, छपरे चढली. मला त्या बाजूस जाण्याचा योग आला तो दिवाळीनंतर, एका वाटणीच्या अर्जाच्या निमित्ताने. सकाळची वेळ होती. भिंती नव्या शेणाने सारवलेल्या होत्या. दोन चुलतभावांपैकी एकाचे दार खरोखरच पाठीमागे निघाले होते, परंतु भांडण नीट ऐकू येत होते. मी रांजणाच्या घरापलीकडच्या मोकळ्या जागेत येऊन थांबलो आणि माझ्या यादीप्रमाणे सर्व जागच्या जागी आहे की नाही, ते समाधानाने पाहू लागलो.

तिकडून म्हातारी आली. काखेत कळशी, दुसरा हात भिंतीवर. ताकाचे घर, खरबरीत भिंत, उखळापाशी पाय उचलून पुढे, मग रांजण. भिंत संपली तसा तिचा हात सुटला आणि ती ओठांत पावले मोजू लागली. चौथ्या पावलाला तिचा हात माझ्या कोटावर आदळला.

ती थबकली. तिने बोटांनी माझी गुंडी चाचपली.

"कोन हुबं हाय हितं?" ती म्हणाली. "हितं कुनी नसतं."

मी बाजूस झालो. तिने उरलेली पावले पुरी केली आणि डावीकडे, विहिरीकडे वळली.