मोडण्याचे कारण

निवृत्त होईपर्यंत मी स्वारगेटजवळच्या एका रुग्णालयात, मेडिकल रेकॉर्ड विभागात होतो. डॉक्टरांनी लिहिलेल्या निदानाला आंतरराष्ट्रीय यादीतला कोड देणे, हे माझे काम. 'हाताचे फ्रॅक्चर' एवढेच लिहिलेला कागद मी परत पाठवीत असे. कोणता हात, कोणते हाड, हाडाचा कोणता भाग, कातडी फाटली की नाही, हे सर्व लागते. त्यानंतर दुसरा कोड लागतो: हाड कशामुळे मोडले. पडून, दारात सापडून, यंत्रात, की कोणी मारल्याने. कोणी मारले असेल तर पोलिसांना कळवावे लागते.

गेल्या हिवाळ्यात माझ्या उजव्या तळहातातली दोन हाडे मोडली. करंगळीकडे आणि तिच्या शेजारच्या बोटाकडे जाणारी. ती माझ्या पत्नीने मोडली.

ती सकाळी ओट्यापाशी खलबत्त्यात दाण्यांचे कूट करीत होती. शेजारी गॅसवर दूध वर येत होते. तिचे लक्ष नव्हते. मी मागून हात पुढे केला आणि गॅसच्या बटणावर ठेवला. त्या हातावर बत्ता आला. लोखंडी बत्ता.

"कोण रे तू?" ती ओरडली. "घरात कसा शिरलास?"

लग्न झाल्यापासून तिने मला एकदाही अरेतुरे केले नव्हते. दूध उतू जात होते, हातातून कळा येत होत्या, आणि मी तसाच उभा होतो. तिच्या चेहऱ्यावर भीती होती. माझी भीती. तिचे विसरणे वर्षभर चालू होते. भाजीत मीठ दोनदा पडे, चष्मा फ्रिजमध्ये सापडे. मुलगा म्हणत होता, आईला एखाद्या संस्थेत ठेवू. मी नाही म्हणत होतो. ती मलाही विसरेल, हे मी धरलेच नव्हते.

रिक्षात बसेपर्यंत ती पूर्ववत झाली होती.

"अहो, केवढा सुजलाय हात! कुठं आपटलात?" असे म्हणून तिने पदराने माझा घाम पुसला.

माझ्याच जुन्या रुग्णालयात डॉक्टरांनी विचारले तेव्हा मी सांगितले, बाथरूममध्ये पडलो. खरे कळले असते तर मुलाने तिला त्याच आठवड्यात संस्थेत नेले असते.

हाडांत तारा घातल्या. पत्नीला सुनेने मांजरी गावातल्या आपल्या घरी नेले. मुलगा रात्रभर माझ्या खाटेशेजारी खुर्चीवर बसला. सकाळी तो चहा आणायला गेला असताना माझ्याच हाताखाली काम शिकलेली बाई भेटायला आली. तो विभाग आता तिच्याकडे आहे. माझा कागद तिच्या हातात होता.

"सर, बाथरूममध्ये पडलात?"

"तसं लिहिलंय."

"पडणारा माणूस तळव्यावर येतो. तुम्हाला हाताच्या पाठीवर लागलंय. कोपर, गुडघा, कुठं साधं खरचटलेलंसुद्धा नाही. सर्कशीत होतात का हो?"

"डॉक्टरांनी लिहिलं तेच घालायचं. अंदाज करण्याचा अधिकार आपल्याला नाही."

"तुम्हीच शिकवलंत. म्हणून तर घालायच्या आधी विचारायला आले." तिने दाराकडे पाहिले आणि आवाज खाली आणला. "सर, मुलगा त्रास देतो का?"

मला तो प्रश्न प्रथम समजला नाही. समजला तेव्हा मी खाटेवर उठून बसलो. मी कारण लपवले होते, आणि त्या रिकाम्या जागी माझा मुलगा येऊन बसला होता.

"नाही," मी म्हणालो. "पत्नीनं मारलं. बत्त्यानं. तिनं मला ओळखलं नाही."

ती खुर्चीवर टेकली.

"मग ही मारहाण नाही, सर. हेतू नसताना माणसाकडून लागलेल्या माराचा कोड वेगळा आहे, तुम्हाला ठाऊकच आहे. पण डॉक्टरांनी तसं लिहायला हवं. आणि त्यांना तुम्ही सांगायला हवं."

तो कोड मी कबड्डी खेळणाऱ्यांना लावीत असे. तो माझ्या स्वयंपाकघरात येईल, असे कधी मनात आले नव्हते.

डॉक्टर आले तेव्हा मी सांगितले. मुलगा चहाचे कप घेऊन तिथेच उभा होता.

"बाबा, आता आईला घरी ठेवायचं नाही," तो म्हणाला. "उद्या डोक्यात घालेल."

"हात माझा मोडलाय."

"म्हणून तर बोलतोय!"

डॉक्टर मध्ये पडले. दिवसभरासाठी बाई ठेवा, खलबत्ता आणि सुऱ्या कुलपात घाला, मेंदूच्या डॉक्टरांना दाखवा, म्हणाले. "आणि आजोबा, मागून जायचं नाही. समोरून जायचं. आपण कोण ते आधी सांगायचं."

उन्हाळ्यापर्यंत पाहू, असे मुलाने नाइलाजाने मान्य केले.

उन्हाळा गेला. ती घरीच आहे. माझी मूठ पूर्ण वळत नाही. मी स्वयंपाकघराच्या दाराशी थांबतो आणि सांगतो, "मी आलोय." बहुतेक वेळा ती म्हणते, "मग या की! सांगायचं काय त्यात?" एखाद्या दिवशी ती पदर सावरून उभी राहते. परक्याशी बोलावे तशी, अदबीने बोलते.

"हे घरी नाहीत. आपण संध्याकाळी या."

मी बरे म्हणतो आणि गॅलरीत जाऊन बसतो. संध्याकाळी पुन्हा दाराशी येतो.