वहिनीने ढाल कशी संपवली

आमच्या वहिनीला कुणी सवलत दिली की तिच्या अंगाची लाही लाही होते. बसमध्ये कुणी उठून जागा दिली तर ती त्याला विचारते, मी एवढी म्हातारी दिसते का, आणि उतरेपर्यंत उभीच राहते. भाजीवाल्याने तोलून झाल्यावर एक टोमॅटो वर टाकला, तर ती तो उचलून परत ढिगावर ठेवते. माझा दादा, म्हणजे तिचा नवरा, शिलाई मशिनं दुरुस्त करतो आणि घरात शांतता हवी म्हणून आम्हा दोघींचंही बरोबर आहे असं म्हणतो. मी त्यांच्या वरच्या मजल्यावर राहते, गल्लीच्या तोंडाशी असलेल्या औषधांच्या दुकानात काउंटरवर उभी असते, आणि नाकावर माशी मीही बसू देत नाही. मग नणंद-भावजयीचं तुमचं जमतं तरी कसं, असं लोक विचारतात. जमतं ते एका खेळामुळे. एकदा त्या खेळामुळेच मोडायची वेळ आली होती, ते सांगते.

वहिनी बेकरीत कामाला आहे. बेकरी आमच्याच गल्लीत, माझ्या दुकानापासून हाकेच्या अंतरावर. पुढे काचेची कपाटं, मागे पीठ मळायचं मशिन, त्यामागे लांबलचक टेबल आणि सगळ्यात मागे भिंतीत बांधलेली विटांची भट्टी. वहिनीने कित्येक वर्षं त्या टेबलावर काढली. पिठाचे गोळे करायचे, साच्यांत बसवायचे, फुगेपर्यंत ओल्या फडक्याखाली ठेवायचे. हात इतका बसलेला की गप्पा मारता मारतासुद्धा एक गोळा दुसऱ्यापेक्षा लहान-मोठा होत नसे. पण डोळा सगळा भट्टीवर. लांब दांड्याच्या फळीवरून साचे आत सारायचे, कुठला कधी फिरवायचा, कुठला कधी ओढायचा, हे भट्टीवाल्याचं काम, आणि बेकरीत मान त्यालाच. मालक म्हणजे आबा. तरुणपणी तेही भट्टीवर होते. गुडघे गेल्यापासून काउंटरवर बसतात, पण भट्टीवाल्यावर ओरडणं त्यांनी काही सोडलं नाही. चार पाव करपले की आबांचा आवाज माझ्या दुकानातल्या खोकल्याच्या बाटल्यांपर्यंत पोचायचा. गिऱ्हाईक दचकलं की मी सांगायचे, काही नाही, पाव झाले.

आता खेळाचं. फोनवरचा लढाईचा खेळ आहे. दोन भिडू ह्या बाजूला, दोन त्या बाजूला. आपला दरवाजा राखायचा, दुसऱ्याचा फोडायचा. जिंकलं की गुण मिळतात, हरलं की जातात, आणि गुणांप्रमाणे पायऱ्या: लोखंड, तांबं, चांदी, सोनं आणि त्याच्यावर आणखी काय काय. जोडीने खेळायचं तर दोघांच्या पायऱ्या एक तरी असाव्या लागतात नाहीतर लागून. वहिनी एकदा माझ्या खांद्यावरून बघत होती. म्हणाली, तुझा तो माणूस दरवाजा उघडा टाकून कुठे भटकतोय? मी चिडून म्हटलं, उंटावरून शेळ्या हाकू नकोस, खेळून दाखव. तिने दाखवलं. तिला धावाधावीची हौसच नाही. एकदा दरवाजात उभी राहिली की हलत नाही, आणि माझ्यासारख्या सुसाट सुटणाऱ्या बाईला नेमका असाच भिडू हवा होता. आमची भट्टी जमली. कामावरून आलो की तिच्या ओट्याशी दोन स्टुलं ओढून आम्ही बसायचो आणि दादा चहा करायचा. मी आधीपासून सोन्यात होते. ती लोखंडापासून चांदीपर्यंत एकटीच चढली, मग माझ्या जोडीने चांदीच्या टोकाला आली.

आणि एकाच आठवड्यात दोन गोष्टी झाल्या. जुना भट्टीवाला कायमचा मुलीकडे राहायला गेला आणि आबांनी भट्टी वहिनीच्या हातात दिली. आणि खेळात वहिनी सोन्यात आली. दादाने त्या दिवशी चहात साखर दुप्पट घातली, आनंदाने की विसरून ते त्यालाच ठाऊक.

सोन्यात पाऊल टाकल्याबरोबर तिच्या नावाशेजारी एक छोटी निळी ढाल उमटली. हे काय, तिने विचारलं. मी समजावून सांगितलं. नव्या पायरीवर गुण शून्यापासून सुरू होतात, म्हणजे पहिलाच सामना हरला तर माणूस तसाच खाली. आज वर, उद्या खाली, परवा पुन्हा वर, असं व्हायला लागलं तर कुणाचाही जीव विटेल. म्हणून सोन्यापासून वर, नव्याने चढलेल्याला ढाल देतात. पहिले काही सामने हरलीस तरी पायरी जात नाही. दर पराभवाला ढालीचा एक तुकडा उडतो. ढाल संपली आणि शून्यावर असताना हरलीस, तर मात्र चांदीत परत.

मला वाटलं खूश होईल. तिचा चेहरा पडला.

"म्हणजे मी कच्चं लिंबू," ती म्हणाली.

हे तिचं जुनं दुखणं. चुलत-मावस भावंडांत ती सगळ्यात धाकटी. पकडापकडीत तिला कच्चं लिंबू ठेवायचे, म्हणजे ती बाद झाली तरी मोजायचं नाही. ते एक वेळ चाललं असतं. पण एकदा तिने सगळ्यात मोठ्या भावाला जिवाच्या आकांताने धावून पकडलं, आणि तेही कुणी मोजलं नाही. कच्च्या लिंबाने पकडलेलं धरत नाहीत म्हणे. सांगताना ती अजून लाल होते.

आणि बेकरीत नेमकं तेच चाललं होतं. भट्टी हातात देताना आबा म्हणाले होते, पहिला महिना आतून काय बाहेर येईल ते माझ्या नावावर, तुला कुणी एक शब्द बोलणार नाही. पहिल्याच दिवशी मागच्या डाव्या कोपऱ्यातले पाव काळे झाले. टेबलावरच्या बायका कान झाकून उभ्या राहिल्या. आबा लंगडत आले, साचा बघितला, "असू दे" म्हणाले आणि परत गेले. दुसऱ्या दिवशी पुढचे पाव कच्चे राहिले. असू दे. तिसऱ्या दिवशी पुन्हा कोपरा. असू दे. वहिनी घरी येऊन म्हणाली की आबांनी थोबाडीत मारली असती तर बरं वाटलं असतं. जुन्या माणसावर ओरडायचे, कारण तो भट्टीवाला होता. माझ्यावर ओरडत नाहीत, म्हणजे मी कोण?

त्या आठवड्यात ती फिकी पडत गेली. कोपऱ्याच्या भीतीने तिने तिकडे साचे ठेवणंच सोडलं. अर्धी भट्टी रिकामी, पाव कमी, काउंटरवर गिऱ्हाइकं ताटकळत, आणि वर आबांचं असू दे. शेवटी तिने दादाला सांगितलं, उद्या मी आबांना सांगणार, भट्टी दुसऱ्या कुणाला द्या, मी आपली टेबलावर बरी. एवढी वर्षं डोळे लावून बसली होती त्या भट्टीवर. दादा बरोबर आहे म्हणाला, पण त्याचा चहा उतू गेला.

मला तेव्हा ह्यातलं काहीच माहीत नव्हतं, दादाने नंतर सांगितलं. मी संध्याकाळी फोन घेऊन खाली गेले आणि आम्ही सामना लावला. वहिनी दरवाजात उभी राहिली, समोरचे आले, आणि ती सरळ बाजूला झाली. पाहुण्यांना आत घेतात तशी. मला वाटलं बोट घसरलं असेल. दुसऱ्या सामन्यात तेच. तिसऱ्यात ती कोपऱ्यात जाऊन भिंतीकडे तोंड करून उभी राहिली. प्रत्येक पराभवाला तिच्या ढालीचा तुकडा उडत होता. माझ्याकडे ढाल नव्हती, त्यामुळे माझे मात्र रोख गुण जात होते. वर खेळाकडून तिला ताकीद आली की मुद्दाम हरणाऱ्यावर बंदी येऊ शकते. चोराच्या उलट्या बोंबा म्हणतात तशी ही मलाच म्हणते, बघ, आता मला लबाड ठरवतात.

काय चाललंय तुझं, मी विचारलं. तिने शांतपणे सांगितलं की ती ढाल संपवतेय. नको मला त्यांची दया. एकदाची संपली की मग खरं खेळू.

माझा ताबा सुटला. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच, हे मी तिला सांगितलं. मग हेही सांगितलं की वर पदक सोन्याचं दिसत असलं तरी खेळाच्या पोटात माणसाची खरी ताकद मोजणारा एक वेगळा हिशेब चालतो, तो कुणाला दिसत नाही. ढाल पदक राखते, तो हिशेब राखत नाही. तू हरत गेलीस तसा तो उतरत गेला, आता जिंकलीस तरी चिमूटभर गुण मिळतील, आणि चांदीत जाशील ती वेगळीच. ती म्हणाली, जाईन, पण कच्चं लिंबू म्हणून राहणार नाही. मी ओट्यावर हात आपटला.

"अगं, ढाल कच्च्या लिंबाला नसतेच मुळी. लोखंडातल्या माणसाला कधी ढाल बघितलीस? त्याला पडायला जागाच नाही, तर ढाल कशाला? चढून आलेल्यालाच ती मिळते. आणि मिळते ती बसून राहायला नाही, एरवी जे करायची छाती होत नाही ते करून बघायला. तू ती उकिरड्यावर फेकलीस, आणि वर माझे गुण घालवलेस."

मी फक्त खेळाबद्दल बोलत होते, आणि खरं सांगायचं तर फक्त माझ्या गुणांबद्दल. पण वहिनी उठली. कपबश्या विसळायला लागली. विसळलेलीच बशी पुन्हा विसळत तिने विचारलं, "छाती होत नाही ते?" मी हो म्हटलं आणि पाय आपटत वर गेले. मागून दादा म्हणाला, दोघींचंही बरोबर आहे.

दुसऱ्या दिवशी तिने आबांना सांगितलं नाही. त्याऐवजी साचे उचलले आणि भट्टीच्या प्रत्येक कोपऱ्यात एकेक सारला. मागचा डावा, मागचा उजवा, मधला, दाराजवळचा. एक लवकर ओढला, एक उशिरा, एक अर्ध्यात फिरवला. काही पाव कोळसा झाले, काही पिठूळ राहिले. आबा उठून यायला लागले, तर हिनेच आतून सांगितलं, "असू दे, आबा." आबा पुन्हा बसले. मग ती रोजच ते करायला लागली. डाव्या कोपऱ्याची तिने इतकी छेड काढली की शेवटी तो तिला वश झाला. मोठे पाव तिथे नाही ठेवायचे, लहान ठेवायचे आणि लगेच ओढायचे, एवढंच त्याचं म्हणणं होतं. आधी ती म्हणायची भट्टीच वाकडी आहे. आता म्हणाली, नाचता येत नव्हतं मला, अंगण बरं आहे.

आम्ही घरी रोज करपलेले पाव खात होतो. दादा त्याला खमंग म्हणायचा.

खेळात ती त्याच आठवड्यात चांदीत घसरली, मी सांगितल्याबरहुकूम. मीही पार सोन्याच्या पायथ्याशी आले होते, म्हणून दोन दिवस मी तिच्याशी बोलले नाही. पण एकटं खेळण्यात मजा येईना. दरवाजा उघडा पडायचा. तिसऱ्या दिवशी मीच आपणहून स्टूल ओढलं. चिमूटभर गुणांनी चढायला फार वेळ लागला, तरी चढलो. पुन्हा सोनं आलं, पुन्हा ती निळी ढाल आली. ह्या वेळी तिने ढालीला नावं ठेवली नाहीत. दरवाजा सोडून चार पावलं पुढे जायला मात्र शिकली. हरलो दोनदा. तिसऱ्यांदा अशी काही घुसली की मीच मागे राहिले.

इकडे आबांचा महिना संपला. दोन-तीन दिवस पाव एकसारखे सोनेरी निघत होते आणि बेकरीतून काहीच आवाज येत नव्हता. मग एका दुपारी मी एका बाईला मलम कसं लावायचं ते सांगत होते, आणि गल्लीतून आबा ओरडले. तो जुना आवाज, भिंती हलवणारा.  नुसत्या 'असू दे'ने जी वहिनी भट्टी सोडायला निघाली होती, ती ह्या आवाजाने काय करेल? मलम तसंच काउंटरवर टाकून मी धावले.

वहिनीने एक अख्खी खेप जाळली होती. दारातल्या एका गिऱ्हाइकाला भट्टीचा डावा कोपरा कसा चावतो आणि तिने त्याला कसा सरळ केला, हे ती हातवारे करून सांगत होती, आणि मागे त्याच कोपऱ्यातून धूर निघत होता. आबा गुडघे विसरून भट्टीपर्यंत आले होते. साचा नाचवत विचारत होते, लक्ष कुठे होतं? भट्टीवाला गप्पा मारायला लागला तर पाव कोण बघणार? गल्ली? टेबलावरच्या बायका कान झाकून उभ्या होत्या. वहिनी फळी हातात धरून खाली मान घालून ऐकत होती. मी पुढे होणार, तेवढ्यात आबांचा दम संपला आणि ती बोलली.

"चुकलं, आबा. आता जरा बाजूला व्हा. पुढची खेप आत घालायची आहे."

आबा बाजूला झाले. वहिनीने साचे आत सारले, भट्टीचं दार लावलं आणि तिथेच उभी राहिली. तिचे डोळे भरून आले होते. मी जवळ जाऊन विचारलं, फार लागलं का ग?

"भट्टीवाला म्हणाले मला," ती म्हणाली. "ऐकलंस ना तू? भट्टीवाला."