कोटरूममधली भरली वांगी

बायकोनं केलेली भरली वांगी मला कोटरूममध्ये सापडली. टांगलेल्या कोटांच्या खाली, जमिनीवर. फॉइल तसंच. शेजारी बर्फानं भिजलेले बूट.

कॅनडातल्या एडमंटनला मराठी लोकांचं दिवाळीचं पॉटलक होतं. प्रत्येक घरानं एक पदार्थ आणायचा. त्यात माझा सत्कार. प्रांताच्या विधानसभेत आपला माणूस निवडून आला म्हणून.

या अल्बर्टा प्रांतात आलो तेव्हा मी दुसऱ्याच्या गोठ्यात शेण काढलं. मग भाड्यानं जमीन घेतली, मग स्वतःची. कॅनोलाची तेलबी पिकवली. निवडणुकीत एका घराचं दार वाजवलं, तर गोरी बाई म्हणाली, पिझ्झा आम्ही मागवला नाही. तेही गिळलं.

मंडळी मला पाटील म्हणायची. शेती आहे म्हणजे पाटीलच, असं त्यांनी धरलेलं. माझं आडनाव मराठ्यांतही असतं, आमच्यातही. कुणी विचारलं नाही, मीही सांगत बसलो नाही.

त्या दिवशी बायकोनं ट्रे टेबलावर ठेवला आणि तिचा फोन वाजला. नांदेडहून भाऊ. ती नेहमीसारखी मोठ्यानं म्हणाली, "जय भीम, दादा!"

झालं. आसपासच्या गप्पा थांबल्या. कुणी वावगं बोललं नाही, शिकलेली माणसं. पण जेवणं सुरू झाली तेव्हा टेबलावर आमचा ट्रे नव्हता.

तो सापडल्यावर मी मंडळाच्या सेक्रेटरींना विचारलं. सॉफ्टवेअरमधले, एरवी गळ्यात पडणारे. म्हणाले, "अहो, त्यात दाण्याचं कूट आहे ना! पीनट अ‍ॅलर्जी असते कुणाकुणाला. सेफ्टी इश्यू, यू नो."

टेबलावर दाण्याची चटणी होती. दाण्याचे लाडू होते. लोक मिटक्या मारत खात होते.

राग येईल असं वाटलं होतं. आला थकवा. सातासमुद्रापार येऊन, हाडं गोठवणाऱ्या थंडीत राबून, परत तिथंच. दमलो मी.

सेक्रेटरी शाल घेऊन जवळ आले आणि हळू आवाजात म्हणाले, "आणि ते जातीचं बिल तुम्ही मांडणार असं ऐकलं. प्लीज नको. इथं कॅनडात कुठंय जात? उगाच कम्युनिटीचं नाव खराब होतं."

विषय खरा होता. माझ्या ऑफिसात एक विद्यार्थिनी आली होती. जात कळल्यावर आपल्याच देशाच्या घरमालकानं तिला भाड्याचं बेसमेंट खाली करायला लावलं होतं, ऐन थंडीत. भेदभावाच्या कायद्यात जात घाला, एवढंच तिचं मागणं. पक्षवाले म्हणाले, यात मतं नाहीत, असलेली जातील. मी टाळत होतो. जवळजवळ सोडूनच दिलं होतं.

बायको कोट घालून दाराशी उभी होती. तिला सगळं कळलं होतं. शाल माझ्या खांद्याला टेकली. मी सेक्रेटरींचा हात धरला.

"शाल राहू द्या. बिल मांडणार नव्हतो. आता मांडतो."

"पाटीलसाहेब, तुमचा गैरसमज होतोय..."

"पाटील नाही मी. बौद्ध आहे. तुमच्या मनात जो शब्द आलाय ना, महार, तोच. मोठ्यानं म्हणा. लाजू नका."

मी कोटरूममधला ट्रे उचलला आणि बायकोबरोबर बाहेर पडलो.

सोमवारी अधिवेशन सुरू होतंय. बिल पडेल बहुतेक. पुढच्या वेळी पक्ष तिकीट कापेल. कापू दे. ट्रॅक्टर चालवता येतो मला. पण कॅनडात जात नाही, असं यापुढं कुणी म्हणालं, तर त्याला ते माझ्या तोंडावर म्हणावं लागेल. मी सभागृहात उभा असेन.