नानांचा क्लोजअप

माळ्यावरचा पत्र्याचा डबा काल उघडला आणि घरभर व्हिनेगरचा वास सुटला. फिल्म कुजायला लागली की असाच वास येतो. आतलं रीळ चिकटून त्याची वीट झाली होती. नानांचा, म्हणजे माझ्या वडिलांचा, क्लोजअप त्यातच होता.

त्या रिळातल्या चित्रपटाआधी मी दुसऱ्यांच्या चित्रपटांसाठी नुसता कॅमेरा चालवायचो. या चित्रपटाचा दिग्दर्शकही मीच होतो. सदाशिव पेठेतल्या आमच्याच खोलीत, खिडकीशी वाट बघणाऱ्या म्हाताऱ्याच्या कामासाठी मी नानांना उभं केलं होतं. दुपारचं ऊन त्यांच्या गालावर अगदी हवं तसं पडलं होतं. मी उजेड मोजायला त्यांच्या हनुवटीखाली लाइट मीटर धरला, तेव्हा ते हळूच म्हणाले, "जरा बसू का रे? छातीत कसंतरी होतंय."

"नाना, ऊन सरकतंय. दोनच मिनिटं."

"बरोबर आहे. सूर्याला थांब म्हणता येत नाही, बापाला येतं."

सगळे हसले. मीही हसलो. दिग्दर्शक दुसरा कोणी असता तर त्याने मला थांबवलं असतं. मी तीन टेक घेतले. कपाळावरचा घाम उन्हात सुंदर चमकत होता.

त्याच आठवड्यात नाना गेले. त्या क्लोजअपचं पुढे खूप कौतुक झालं, त्यावर मला कामं मिळत गेली.

आता रीळही गेलं. त्या दुपारी लेन्सचं ॲपर्चर पाच पॉइंट सहा होतं, हे आजही पक्कं आठवतं. शॉट संपल्यावर मी नानांना बसायला खुर्ची दिली की नाही, ते मात्र काही केल्या आठवत नाही.