परत येण्याचा पुरावा

व्हिसाचे फॉर्म भरणाऱ्याला किस्से गोळा करावे लागत नाहीत. फॉर्मच्या चौकटीत जे मावत नाही ते लोक त्याच्याजवळ बोलतात, आणि ते साठत जातं.

मी पदार्थविज्ञानाचा निवृत्त प्राध्यापक. विट्याला माझा जुना विद्यार्थी प्रकाश याचं ऑनलाइन फॉर्म भरण्याचं दुकान आहे. सकाळी मी तिथं बसतो. डॉक्टरेट आहे म्हणून लोक विश्वासानं येतात. डॉक्टरेटचा आणि फॉर्मचा संबंध नाही असं मी सांगतो, तर त्यांना तो विनय वाटतो. 'सबमिट' दाबताना मला आजही घाम फुटतो. प्रकाश म्हणतो, "सर, तुम्ही तीनदा तपासता आणि चौथ्यांदा शंका काढता."

तरी चूक व्हायची ती झालीच, आणि ती नेमकी आक्कांच्या फॉर्मला.

आक्का औंधजवळच्या. लेक अमेरिकेत, पहिलंच बाळंतपण. डॉक्टरांनी विमानप्रवास बंद केलेला, म्हणजे लेक माहेरी येणार नाही. माहेरानंच तिकडं जायचं. मी मोठ्या हौशीनं नव्वद पानांची फाईल केली. सातबारा, घराचा उतारा, साखर कारखान्याचा शेअर, डेअरीचं कार्ड. परत येण्याचा पुरावा म्हणून. मुंबईच्या वकिलातीत काचेमागच्या साहेबानं ती चाळली आणि विचारलं, "यात तुमचं काय आहे?"

आक्कांनी पासपोर्टकडे बोट दाखवलं.

जमीन यजमानांची, घर सासऱ्यांचं, डेअरीचं कार्ड थोरल्या मुलाचं. नव्वद पानांत आक्कांचं नाव कुठंच नव्हतं, आणि ते मला दिसलं नव्हतं. साहेबानं पासपोर्ट तिथंच परत दिला. म्हणजे नकार.

पुन्हा अर्ज केला. मुलाखतीची तारीख मिळाली ती बाळंतपणाच्या तीन आठवडे आधीची. तोवर आक्का दर सोमवारी औषधाला विट्याला आल्या की दुकानात डोकवायच्या आणि बाकावर टेकायच्या. आमच्याकडे एक रीत पडली आहे. मुंबईहून मुलाखत देऊन आलेला माणूस स्टँडवर उतरला की घरी जाण्याआधी दुकानात येतो आणि काय घडलं ते सांगतो. आक्का ते सगळं मन लावून ऐकायच्या.

* * *

शंकरराव, त्यांची बायको आणि धाकटा भाऊ असे तिघं एकत्र गेले होते. साल वेगवेगळं, पण तिघांचीही जन्मतारीख एक जून. साहेबानं पासपोर्ट उलटसुलट पाहिले आणि हा काय प्रकार आहे असं विचारलं.

शंकरराव म्हणाले, "साहेब, तवा तारीख कोण लिहून ठेवत न्हवतं. शाळेत घालताना मास्तरांनी आमाला एक जूनला जल्माला घातलं."

"आणि तुमच्या पत्नीला?"

"तिचं मास्तर येगळं. पर तेबी तसलंच."

* * *

दुसरे आमचे नानासाहेब. चाळीस वर्षं परगावी सोनं गाळण्याचं दुकान चालवलेले. बोटांचे ठसे घेणाऱ्या यंत्रावर त्यांची दहाही बोटं उमटेनात. ॲसिडनं कातडी गुळगुळीत झालेली. हे मला, विज्ञान शिकवलेल्या माणसाला, आधी सुचायला हवं होतं.

ठसे घेणारी मुलगी बोट दाबा, अजून दाबा म्हणत राहिली. शेवटी नानासाहेब तिला म्हणाले, "ताई, काय उपेग न्हाई. मी चोरी केली तरी सापडायचो न्हाई बघा."

व्हिसा मात्र मिळाला त्यांना.

* * *

साताऱ्याकडचे एक निवृत्त सुभेदार. शस्त्रांचं प्रशिक्षण घेतलं आहे का, असा एक प्रश्न फॉर्ममध्ये असतो. मी दबकत विचारला. त्यांनी खणखणीत आवाजात यादी सांगायला सुरुवात केली. चौकट भरली तेव्हा म्हणाले, "जादा कागद जोडा."

माझ्या मनानं घेतलं की आता काही खरं नाही. पण साहेबानं एवढंच विचारलं, की तीन महिने मुलाकडे राहून करणार काय?

"नातवाला पहाटे पाचला उठवून पळायला नेणार, सर."

"मुलाला माहीत आहे?"

"न्हाई सर. सरप्राइज हाय."

* * *

आक्कांची तारीख जवळ आली तशी मी त्यांची तालीम घेऊ लागलो. टेबलाच्या या बाजूला मी साहेब. परत कशावरून याल, असं विचारायचो, आणि माझं घर आहे, माणसं आहेत, असं त्यांच्याकडून म्हणवून घ्यायचो. एकदा त्या शांतपणे म्हणाल्या, "आवं सर, असं तर समदीच सांगत असतील." एका बाईच्या नावावर काहीच नसेल तर ती परत येणार हे कागदावर कसं दाखवायचं? या वेळी मी फाईल केलीच नाही. आपण पुन्हा चुकतो आहोत असं वाटत राहिलं.

मुलाखतीच्या दुसऱ्या दिवशी आक्का दुकानात आल्या. पाणी प्यायल्या आणि सांगू लागल्या.

या खेपेला साहेब दुसरा होता, शेजारी मराठी बोलणारी एक बाई. तिच्यामार्फत त्यानं तेच विचारलं. तिकडे लेक, नातवंड. इकडे तुमच्या नावावर काही नाही. मग परत कशासाठी याल?

आक्का म्हणाल्या, "सव्वा म्हैना झाला की जावयाची आई यायची हाय तितं. एका घरात दोन इहिणी किती दिस ऱ्हातील?"

त्या बाईनं ओठ दाबून ते साहेबाला इंग्रजीत सांगितलं. साहेबानं थोडा विचार केला आणि मुलीच्या घरात खोल्या किती आहेत, असं विचारलं.

"खोल्या चार हायत," आक्का म्हणाल्या. "सैपाकघर एकच हाय."

साहेबानं पासपोर्ट स्वतःकडे ठेवून घेतला आणि पुढच्या माणसाला बोलावलं.